मागचे-पुढचे दाखवणारा आरसा

नरकचतुर्दशीची पहाट होती. अभ्यंगस्नाने आटोपली होती, उटण्याचा वास अजून घरभर होता, आणि स्वयंपाकघरातून फराळाची ताटे येण्याची आम्ही सारे वाट पाहत होतो. धाकटा नातू आरशासमोर उभा राहून ओल्या केसांचा भांग पाडीत होता. आदल्या रात्री त्याने कुठलासा चित्रपट पाहिला होता. त्यातला मुलगा म्हणे आरशात पाय घालतो आणि तीनशे वर्षे मागे जाऊन पडतो. भांग पाडता पाडताच त्याने विचारले, "आजोबा, असा आरसा खरंच असतो का हो?"

मी सारा जन्म शाळेत इतिहास शिकवला. असल्या प्रश्नाला 'छे, छे, काहीतरीच!' असे उत्तर देणे माझ्या धंद्याला शोभले असते. पण माझ्या तोंडून निघून गेले, "असतो. म्हणजे लोकांनी तसा मानलेला एक आरसा आहे, आणि मी तो पाहिला आहे." मग फराळ होईपर्यंत पोराने मला सोडले नाही. त्याला जे सांगितले तेच येथे जरा सविस्तर सांगतो. आणि त्याला जे सांगितले नाही तेही.

दहाएक वर्षांपूर्वी मुलाकडे लंडनास गेलो होतो, तेव्हा ब्रिटिश म्यूझियममध्ये तो आरसा दृष्टीस पडला. आरसा म्हटल्यावर आपल्या डोळ्यांसमोर जे येते तसे त्यात काहीच नाही. आपल्या घरच्या भाकरीएवढी, सुमारे अठरा सेंटिमीटर व्यासाची काळीभोर दगडी चकती. वर एक लहानसा कान आणि त्या कानाला भोक. आमच्या आजीच्या माजघरात तो पडला असता तर तिने त्यावर चंदन उगाळायला घेतले असते. पण दोन्ही बाजूंनी त्याला अशी झिलई आहे की वाकून पाहिले तर त्यात तोंड दिसते. तोंड दिसते खरे, पण विहिरीच्या तळाशी कोणी उभे असावे तसे.

हा दगड म्हणजे ऑब्सिडियन. ज्वालामुखीतून बाहेर पडलेला रस एकाएकी थिजला की त्याची जी नैसर्गिक काच बनते ती. या चकतीसाठी चामड्याचे एक घरटे केलेले आहे, आणि त्यावर होरेस वॉलपोल या अठराव्या शतकातील इंग्रज गृहस्थाने आपल्या हाताने लिहून चिठ्ठी चिकटवली आहे. डॉक्टर डी ज्या काळ्या दगडात आपल्या अशरीरी मंडळींना पाचारण करीत असे तोच हा दगड, असा तिचा आशय. वॉलपोलला हा आरसा 1771 मध्ये मिळाला. हा मोठा हौशी संग्राहक. भुताखेतांच्या इंग्रजी कादंबऱ्यांचा पायाही त्यानेच 1764 मध्ये घातला. अशा माणसाच्या शब्दावर किती विसंबावे, हा प्रश्न सुज्ञ वाचकांच्या मनात आलाच असेल. तो आपण क्षणभर बाजूला ठेवू.

हा डॉक्टर डी कोण? जॉन डी 1527 साली लंडनात जन्मला. गणित, ज्योतिष, नौकानयन, नकाशे या साऱ्यांत तो आपल्या काळी अग्रगण्य होता. युक्लिडची भूमिती 1570 साली प्रथम इंग्रजीत आली, तिला प्रस्तावना याची. पहिल्या एलिझाबेथ राणीच्या राज्याभिषेकाचा मुहूर्त, 15 जानेवारी 1559, याने काढून दिलेला. मुहूर्त काढण्याचे वेड आपल्यालाच आहे असे समजणाऱ्यांनी हे ध्यानात ठेवावे. थेम्सच्या काठी मॉर्टलेक येथे त्याचे घर होते, आणि त्यात सुमारे चार हजार ग्रंथ व हस्तलिखिते होती. त्या काळी इंग्लंडातल्या विद्यापीठांजवळही एवढा संग्रह नव्हता.

त्या घराची एक हकीकत त्याने स्वतःच लिहून ठेवली आहे. 10 मार्च 1575 रोजी राणी आपल्या मंत्रिमंडळासह त्याचे ग्रंथालय पाहावयास आली. पण चारच तासांपूर्वी डीच्या पत्नीचे प्रेत घराबाहेर गेले होते. हे कळताच राणी आत यायची थांबली. मात्र तुमचा तो सुप्रसिद्ध आरसा बाहेर आणून दाखवा, असे तिने सांगितले. डीने आरसा आणला. चर्चच्या भिंतीपाशी राणीला घोड्यावरून उतरवून घेतले आणि तिने त्यातली गंमत पाहिली. राणी प्रसन्न झाली असे तो मोठ्या समाधानाने लिहितो. हा आरसा बहुधा वेगळा, प्रतिमा उलटसुलट दाखवणारा काचेचा. पण घरातून बायकोला पोहोचवून आलेला माणूस राणीपुढे आरसा धरून उभा आहे, हे चित्र मला अजून विसरता येत नाही.

एवढा विद्वान माणूस काळ्या दगडाच्या नादी कसा लागला, असे आपण म्हणू. त्याचे त्याला कारण होते. ग्रंथांतून मिळायचे ते ज्ञान मिळून संपले, पुढचे आता देवदूतांकडूनच मिळेल, अशी त्याची श्रद्धा बसली होती. अडचण एवढीच की त्याला स्वतःला दगडात काहीएक दिसत नसे! त्यासाठी 'दिसणारा' माणूस हवा. 1582 च्या मार्चमध्ये असा एक तरुण त्याच्या दारी आला. त्याने आपले नाव टॅल्बट सांगितले. खरे नाव एडवर्ड केली. केली दगडात पाहून बोलत जाई आणि डी टेबलाशी बसून शब्दन् शब्द टिपून घेई. अशी वह्यांमागून वह्या भरली. त्यात देवदूतांची एक सबंध भाषा आहे, अक्षरांचे कोष्टकांवर कोष्टके आहेत, राज्यांचे उदयास्त आहेत. दोघे आपापल्या बिऱ्हाडांसह 1583 मध्ये पोलंडकडे निघाले, पुढे प्रागला बादशहा दुसरा रूडॉल्फ याच्यापुढे उभे राहिले. 1587 मध्ये दगडातून अशी एक आज्ञा आली की ती दिवाळी अंकात छापता यावयाची नाही. दोन्ही बायका रडल्या, एवढे सांगितले म्हणजे पुरे. दोन वर्षांनी डी एकटाच कुटुंब घेऊन परतला, तो घर फुटलेले, ग्रंथ चोरीस गेलेले. पुढे 1608 च्या अखेरीस किंवा 1609 मध्ये तो दारिद्र्यात वारला. त्याच्या काही वह्या एका पेटीच्या चोरकप्प्यात राहिल्या होत्या. 1662 च्या सुमारास त्या सापडल्या, तोवर त्यांतली बरीचशी पाने घरच्या मोलकरणीने पेस्ट्रीखाली घालून संपवली होती. आमच्याकडे भज्यांच्या पुड्यांत किती बखरी गेल्या असतील त्याची आठवण झाली.

इंग्रज लेखक केलीला सरसकट भामटा म्हणतात. असेलही. पण मी तसे म्हणायला कचरतो, आणि त्याचे कारण नातवाला सांगितले नाही ते हे.

मी पायाळू. पायाळू माणसाला अंजन घातले की जमिनीतले धन दिसते, हरवलेली वस्तू दिसते, अशी आपल्याकडची समजूत वाचकांना ठाऊक असेल. 1949 सालच्या श्रावणात आमच्या कोकणातल्या घरी आजीची मोत्यांची नथ नाहीशी झाली. मी सात वर्षांचा होतो. दोन दिवस घर उलथेपालथे केले, तिसऱ्या दिवशी आजीने पलीकडच्या वाडीतून एका अंजनवाल्या म्हाताऱ्याला बोलावून आणले. माजघराची दारे लोटून घेतली, समई लावली. म्हाताऱ्याने माझ्या उजव्या अंगठ्याच्या नखावर दाट काजळ तेलात खलून लावले आणि म्हणाला, "बघ बाळा, आधी झाडूवाला येईल. मग सडा पडेल. मग गादी मांडतील. मग राजा येऊन बसेल. त्याला विचार, नथ कोणी नेली."

वाचकहो, मला झाडूवाला दिसला. आज शपथेवर सांगतो, दिसला. समईची ज्योत त्या काळ्या ठिपक्यात हलत होती. तिचाच झाडूवाला झाला, तिचाच राजा झाला. सारे घर श्वास रोधून उभे होते आणि म्हातारा पुनःपुन्हा विचारीत होता, "कोण दिसतंय? उंच आहे की ठेंगणा? घरातला की बाहेरचा?" गेले दोन दिवस पडवीत मोठी माणसे दबल्या आवाजात कोणाचे नाव घेत होती ते माझ्या कानांवर पडलेले होतेच. मी म्हणालो, "आपल्या गड्याचा मुलगा."

तो तेरा-चौदा वर्षांचा असेल. मला करवंदे आणून देई, पावसात ओढा भरला की खांद्यावर घेऊन पलीकडे पोहोचवी. त्याला कोणी मारले नाही. आमचे घर तसे नव्हते. फक्त दुसऱ्या दिवसापासून त्याने घरात पाऊल टाकायचे नाही असे झाले. महिन्याभरात तो मुंबईला निघून गेला, आणि दिवाळीनंतर आमचा गडीही काम सोडून आपल्या सासुरवाडीच्या गावी राहावयास गेला.

असो. आरशाकडे वळतो.

वॉलपोलच्या चिठ्ठीवर किती भरवसा ठेवावा हा प्रश्न आपण बाजूला ठेवला होता. हा आरसा डीजवळ होता याला त्या चिठ्ठीपलीकडे भक्कम पुरावा नाही. डीच्या वह्यांत जे दगड येतात ते बहुतांशी स्फटिकाचे आहेत. परंतु आरसा कोठून आला हे मात्र आता निश्चित झाले आहे. मँचेस्टर विद्यापीठाच्या स्टुअर्ट कॅम्पबेल यांनी आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी हातात धरता येईल अशा क्ष-किरण यंत्राने त्याची तपासणी केली आणि 2021 मध्ये निष्कर्ष प्रसिद्ध केले. प्रत्येक ज्वालामुखीच्या काचेत लोह, टायटेनियम, रुबिडियम अशा द्रव्यांचे प्रमाण निरनिराळे असते. ते मोजले की दगडाचे गाव सांगता येते. या आरशाचे गाव निघाले पाचुका, मेक्सिको शहराच्या ईशान्येकडचे. ॲझ्टेक लोकांच्या राज्यात ऑब्सिडियनच्या ज्या मोठ्या खाणी होत्या त्यांपैकी ही एक. म्हणजे स्पेनच्या कॉर्तेसने ते राज्य बुडवले, त्याच्या मागेपुढे कधीतरी समुद्र ओलांडून आलेला हा माल.

आणि त्या मुलखात तो केवळ आरसा नव्हता. ॲझ्टेकांचा एक अत्यंत भयंकर देव होता तेस्कात्लिपोका. त्याच्या नावाचा अर्थच धुराचा आरसा, धूर सोडणारा आरसा. चित्रांत त्याच्या एका पायाच्या जागी असा काळा आरसा काढलेला असतो. या आरशात त्याला सगळ्यांचे सगळे दिसते. त्याची एक कथा तर आपल्या विषयाला अगदी जवळची आहे. केत्झालकोआत्ल हा तोल्लान नगरीचा पुण्यशील राजा. तेस्कात्लिपोका त्याच्याकडे आरसा घेऊन गेला आणि म्हणाला, घे, आपले रूप पाहा. राजाने पाहिले, तर पापण्या सुजलेल्या, डोळे खोल गेलेले, चेहरा म्हाताऱ्याचा. प्रजेने मला असे पाहिले तर ती पळून जाईल, म्हणून तो घाबरला, आणि तेथून त्याचा अधःपात सुरू झाला. वयाच्या ऐंशीनंतर ही कथा वाचावी. तिच्यात जादू आहे असे मुळीच वाटत नाही.

याहून प्रसिद्ध हकीकत मोक्तेसुमा राजाची. स्पॅनिश लोक 1519 मध्ये किनाऱ्यावर उतरले, त्याच्या आधी काही वर्षे आठ अपशकुन झाले असे सांगतात. त्यांतला सातवा असा. कोळ्यांच्या जाळ्यात करकोच्यासारखा एक राखी पक्षी सापडला. त्याच्या डोक्यावर गोल आरसा होता. भर दुपारी तो राजापुढे आणला. राजाने त्या आरशात पाहिले तो आत रात्र, आकाश आणि तारे! पुन्हा पाहिले तो दूरवरून माणसे येत आहेत, लढाईच्या तयारीने, हरणांवर बसून. राजाने ज्योतिष्यांना बोलावले, तुम्हांला काय दिसते ते सांगा म्हणाला. त्यांनी वाकून पाहिले तेव्हा आत काहीच नव्हते.

शाळेत ही गोष्ट मी कितीदा तरी रंगवून सांगितली असेल. 'हरणांवर बसून' म्हटले की वर्ग कसा स्तब्ध होई! त्या लोकांनी घोडा पाहिलेला नव्हता, म्हणून त्यांना हरणे वाटली, असे मी समजावून देत असे. पुढे या हकीकतीचा उगम शोधला तेव्हा माझा मलाच थोडा राग आला. ही गोष्ट लिहून ठेवली बेर्नार्दिनो द साहागुन नावाच्या एका पाद्र्याच्या देखरेखीखाली काम करणाऱ्या तद्देशीय लेखकांनी. म्हाताऱ्याकोताऱ्यांना विचारून, त्यांच्याच नाहुआत्ल भाषेत. राजधानी पडली 13 ऑगस्ट 1521 ला. ही माहिती गोळा झाली 1555 च्या सुमारास, आणि फ्लोरेन्समध्ये जपून ठेवलेली तिची सचित्र प्रत तयार झाली 1577 च्या सुमारास. तोवर सांगणाऱ्यांनी आणि लिहिणाऱ्यांनी आयुष्यभर घोडे पाहिलेले होते. देवीच्या साथींनी निम्म्याहून अधिक माणसे मेली होती, देवळे जमीनदोस्त झाली होती. म्हणजे तो आरसा पक्ष्याच्या डोक्यावर नंतर बसवलेला. मागे वळून पाहणाऱ्यांनी त्यात पुढचे पाहिले.

त्यांना खोटे म्हणण्याचा माझा विचार नाही. जग बुडाल्यावर माणसाला असे म्हणावेसे वाटते की हे आम्हांला आधीच कळले होते, देवाने सांगितले होते, राजाने पाहिले होते. नुसतेच घडले, काही कारण नसताना आमच्याच वाट्याला आले, हे सोसवत नाही. पण त्याचा उपयोग दुसऱ्यांनी करून घेतला. विधिलिखितच होते ते, राजा तर आधीच खचलेला होता, असे जेत्यांना म्हणता आले आणि तोफांचा, देवीच्या रोगाचा व फितुरीचा हिशेब मागे पडला. पुढे चारशे वर्षे पाठ्यपुस्तकांनीही तेच म्हटले. त्यांतलेच एक मी शिकवले.

आता एक योगायोग पाहा. ज्या 1577 च्या सुमारास मेक्सिकोतले लेखक त्या पक्ष्याचे चित्र रंगवीत होते, त्याच साली मॉर्टलेकच्या डॉक्टर डीचे नौकानयनावरचे एक पुस्तक छापून निघाले. त्यात 'ब्रिटिश साम्राज्य' हा शब्दप्रयोग आहे. तो रूढ करणाऱ्या पहिल्या मंडळींत डी मोडतो. तेव्हा इंग्लंडजवळ साम्राज्य म्हणण्यासारखे काही नव्हते. मग त्यासाठी हक्क कोठून आणावयाचा? तर मागच्या काळातून! आर्थर राजाने उत्तरेकडची बेटे जिंकली होती, वेल्सचा राजपुत्र मॅडॉक समुद्रापलीकडे जाऊन वसला होता, म्हणून तो सारा उत्तर भूभाग राणीचा, असे त्याने लेखी मांडून दिले. आर्थर खरा होता की नव्हता हेच अद्याप कोणाला सिद्ध करता आलेले नाही. एक राज्य बुडाले त्याच्या आरशाशी, नवे राज्य मनात पाहणाऱ्या माणसाचे नाव जोडले गेले आहे. डी हयात असतानाच, 1600 च्या शेवटच्या दिवशी, ईस्ट इंडिया कंपनीला सनद मिळाली. पुढचे आपल्याला पाठ आहे.

म्यूझियममध्ये मी त्या आरशापुढे बराच वेळ उभा होतो. मुलगा म्हणाला, "बाबा, एवढं काय बघताय?" मी काजळ बघत होतो. अंगठ्याच्या नखावरचे.

नथ सापडली 1953 साली. देवघरातल्या फडताळाची मागची फळी वाळवीने खाल्ली होती, ती सुताराने उचकटली, तो मागे उंदराचे बीळ आणि बिळात चिंध्या, भाताची टरफले; त्या चिंध्यांत ती नथ, मोती शाबूत. आजी ती फडक्यात गुंडाळून देवापाशी ठेवीत असे; उंदराने फडक्यासकट ओढून नेली.

त्या संध्याकाळी ओटीवर सगळे जमले होते. काकू म्हणाली, तिला तेव्हाच वाटले होते की हे उंदराचेच काम. काका म्हणाले, तो पोरगा असे करणाऱ्यातला नाही हे ते पहिल्या दिवसापासून सांगत होते. आणि आजीने मला जवळ घेतले, माझ्या केसांतून हात फिरवला व सगळ्यांना ऐकू जाईल असे म्हणाली, "पोरानं सांगितलं होतं हो! अंधारात काहीतरी बारीक हालतंय म्हणत होता. आपणच मेलं ऐकलं नाही."

मी अकरा वर्षांचा होतो. मी काय म्हणालो होतो ते मला स्वच्छ आठवत होते. मी गप्प राहिलो.

वडील त्या बोलण्यात नव्हते. ते दुसऱ्या दिवशी पहाटे, चहाही न घेता, गड्याच्या सासुरवाडीच्या गावी चालत गेले. दिवेलागणीला परत आले, पाय धुतले आणि नेहमीप्रमाणे पंक्तीला बसले. तेथे काय झाले ते त्यांनी आम्हांला कधी सांगितले नाही.